बायकांची सुई

माझा हात हलका आहे. हे मी म्हणत नाही, ज्यांनी दंड पुढे केला ते म्हणतात, आणि त्यांच्याशी मी कधी वाद घातलेला नाही. भिवंडीच्या बाहेर, आतल्या अंगाला असलेल्या एका उपकेंद्रात मी नर्स आहे. राहते धामणकर नाक्याजवळ. ज्या बायांना पोटुशी असताना मी सुई टोचली, त्यांची लेकरं आता दहावीच्या वर्गात बाही वर करून माझ्यापुढे उभी राहतात. काही जण बाकाखाली लपतात. लपणाऱ्यांत मुलगेच जास्त असतात, हे एकदा कुठेतरी लिहून ठेवायचंच होतं.

धनुर्वाताची सुई हा माझ्या जिव्हाळ्याचा विषय. लोक तिला टीटी म्हणतात. आता तिच्यात घटसर्पाची लसही मिसळलेली असते आणि कागदावर ती टीडी झाली आहे, पण गावात टीटी ती टीटीच. तिचं आणखी एक नाव आहे, 'बायकांची सुई'. गरोदरपणात दवाखान्यात गेलेली प्रत्येक बाई ती घेऊन आलेली असते. पुरुष मात्र शाळा सुटली की दंड दाखवतो तो थेट हातपाय कापून घेतल्यावरच, आणि तेही लोखंड लागलं असेल तर. बांबू घुसला, काटा मोडला, बैलाने शिंग मारलं, तर हळद भरायची आणि कामाला लागायचं. "लोखंड न्हाय लागला बाई, सुई कशाला?" हे मी इतक्यांदा ऐकलं आहे की झोपेतून उठवलं तरी उत्तर देईन.

उत्तर असं आहे. या रोगाचा लोखंडाशी काडीचा संबंध नाही. त्याचे जंतू मातीत, शेणात, रस्त्याच्या धुळीत वर्षानुवर्षं झोपून असतात. खोल जखमेत, जिथे वारा पोचत नाही, तिथे ते जागे होतात आणि एक विष तयार करतात. मारतं ते हे विष. स्नायूला मेंदूकडून 'आवळ' असा निरोप येतो तसा 'सोड' असाही येतो, आणि हे विष नसांमधून वर चढून नेमका 'सोड' हा निरोप अडवतं. मग जबडा आवळतो तो सुटत नाही, मान आवळते, पाठ मागे वाकते. माणूस शुद्धीवर असतो आणि सगळं त्याला कळत असतं. मी हे फक्त एकदाच डोळ्यांनी पाहिलं आहे, शिकत असताना, आणि तेवढं मला पुरलं.

आणि सुईत काय असतं? तेच विष. हे सांगितलं की बाया दचकतात, मग मी विंचवाचं उदाहरण देते. नांगी मोडलेला विंचू घरात सोडला तर तो कुणाला डसत नाही, पण घरातली सगळी माणसं त्याला बघून ठेवतात. पुढे खरा आला की चप्पल आधीच हातात असते. कारखान्यात त्या विषाची नांगी औषधाने मोडतात, रूप तसंच ठेवतात. शरीर ते रूप ओळखून घेतं आणि त्याच्यावरचा तोडगा रक्तात तयार ठेवतं. पहिल्या सुईला शरीर जरा गोंधळतं, दुसरीला शहाणं होतं, आणि पुढे काही वर्षांनी आठवण करून दिली की चार-आठ दिवसांत फौज उभी करतं. गंमत म्हणजे हा रोग होऊन वाचलेल्या माणसालाही सुई घ्यावीच लागते. रोगातलं विष इतकं थोडं असतं की त्यातून शरीर काही शिकत नाही, मात्र मरायला तेवढं पुष्कळ होतं. आणि ही सुई ज्याची त्याला. बायकोने घेतली म्हणून नवरा वाचत नाही.

एवढं सगळं मला येतं. वीस वर्षं मी ते गावोगाव सांगत आले आणि माझ्या बोलण्याचा मला अभिमान आहे. तरी माझ्याच हातून जी चूक झाली, ती औषधाची नव्हती, सुईची नव्हती. ती एका कार्डाची होती.

माझी थोरली बहीण, जिला मी अक्का म्हणते, शेलारला राहते. मेहुणे गेल्यापासून ती आणि तिची एकुलती एक मुलगी, असं दोघींचंच घर. अक्का एका शाळेत शिपाई आहे. शाळेत राहून तिला कागदाची इतकी सवय झाली आहे की विजेच्या बिलापासून मुलीच्या बालवाडीच्या प्रगतिपुस्तकापर्यंत सगळं एका निळ्या प्लॅस्टिकच्या फाईलमध्ये लावून ठेवते. भाची तेव्हा चोवीस वर्षांची होती. बी.कॉम. झालेली, जवळच्याच एका गोदामात पॅकिंगच्या लाईनवर ड्युटी करायची.

एकदा दुपारच्या शिफ्टला लाकडी पॅलेट उचलताना त्याची ढलपी तिच्या तळहातात खोल घुसली. ते पॅलेट कुठकुठल्या ट्रकांतून हिंडून आलेलं, मातीत लोळलेलं. सुपरवायझर म्हणाला, "लोहा थोड़ी लगा है, लकड़ी है. पट्टी बाँध और बैठ जा." तिने पट्टी बांधली, पण बसली नाही. रिक्षा पकडून सरळ माझ्या उपकेंद्रात आली. माझी भाची आहे, एवढं तर यायलाच हवं.

त्या दिवशी भेटीवर आलेल्या डॉक्टरांनी ढलपी काढली, जखम धुतली, मी सुई दिली. दहावीत तिने शाळेत घेतली होती, त्याला आठ वर्षं झाली होती, म्हणजे शरीराला आठवण करून देण्याची वेळ झालीच होती. मग ती म्हणाली, "मावशी, कंपनीत दाखवायला काहीतरी लिहून दे ना. नाहीतर म्हणतील, पिक्चरला गेली होती." चिठ्ठ्यांचं पुस्तक संपलं होतं. नवं यायचं होतं. कपाटात गरोदर बायांना द्यायच्या माता-बाल कार्डांचा गठ्ठा होता, त्यातलं एक कोपरा दुमडलेलं निघालं. नाहीतरी ते कुणाला देता आलं नसतं, म्हणून मी तेच घेतलं. वर तिचं नाव लिहिलं, टीडीच्या रकान्यात तारीख घातली, खाली सही केली. बाकी सगळं कोरं सोडलं. कार्डाच्या तोंडावर मांडीवर बाळ घेतलेल्या बाईचं चित्र होतं. ते मला दिसलं नाही असं नाही, पण रोज शंभरदा दिसणाऱ्या गोष्टीकडे माणूस बघत नाही. कागद तो कागद, असं मी म्हटलं. कंपनीने तो पाहिला, परत दिला आणि अक्काने तो फाईलला लावला.

पुढच्याच वर्षी तिला स्थळ आलं. मुलगा भिवंडीपासून बराच आत असलेल्या एका गावचा, आमच्याच समाजातला. आयटीआय करून लिफ्ट दुरुस्त करणाऱ्या कंपनीत लागलेला. पोरांनी एकमेकांना दोनदा घरच्यांच्या समक्ष पाहिलं. तिसऱ्यांदा दोघं कुणाला न सांगता भेटली, पण भिवंडीत फालुदा खायला बसायचं तर मावशीच्या रस्त्यावर बसू नये एवढी अक्कल दोघांनाही नव्हती. मी पाहिलं आणि पुढे गेले. भाची हसत होती आणि तो चमचा हातात धरून तिच्याकडे बघत होता, फालुदा वितळून चालला होता. मला मुलगा तिथेच पसंत पडला.

साखरपुड्याची तारीख ठरली. मुलाची आई आणि लग्न झालेली बहीण साडी बघायला म्हणून अक्काकडे आल्या. लग्नाच्या नोंदणीला मुलीच्या जन्मतारखेचा दाखला लागेल म्हणाल्या. अक्का चहा टाकायला उठली आणि जाताना निळी फाईल त्यांच्यापुढे ठेवून गेली. "बघा, सगळं आहे त्याच्यात," असं वर अभिमानाने म्हणाली.

सगळं होतंच. मुलाच्या बहिणीला दोन लेकरं, ते कार्ड तिने पाठीवरून ओळखलं असतं. उघडून पाहिलं तर वर मुलीचं नाव, सुईची तारीख, सही. आणि पतीचं नाव लिहायची जागा कोरी. मी ती कोरी सोडली कारण लिहायला काही नव्हतंच. तिने त्या कोऱ्या जागेत सगळी गोष्ट वाचली. अक्का चहा घेऊन आली तेव्हा फाईल बंद करून नीट ठेवलेली होती. दोघींनी चहा अर्धा टाकला आणि लवकर निघाल्या.

मग निरोप आला, घरात जरा अडचण आहे, साखरपुडा पुढे ढकलू. आठवडा गेला, दुसरा गेला. मुलगा भाचीचा फोन उचलेना. शेवटी अक्काच्या शाळेतल्या एका बाईने, जिचं माहेर त्याच गावात आहे, तिला बाजूला घेऊन सांगितलं. गावात बोलतात, पोरीचं कार्ड निघालं म्हणून. लग्नाआधीचं.

त्याच संध्याकाळी अक्का माझ्याकडे आली. चपलाही काढल्या नाहीत. कार्ड माझ्यापुढे टाकलं आणि म्हणाली, "हे अक्षर कुणाचं आहे?"

मी म्हटलं, "माझं."

"मग आता तूच वाच. मोठ्याने वाच. गाव कसं वाचतंय ते तुला कळू दे."

आधी मला त्या बायकांचा संताप आला. मग कार्ड हातात घेतलं आणि परक्या माणसाच्या नजरेने पाहिलं. त्यांच्या जागी मी असते तर मीही तेच वाचलं असतं. गावोगाव जाऊन लोकांच्या अज्ञानावर तोंडसुख घेणारी मी, ही सुई बायकांचीच आहे असा पुरावा माझ्याच सहीने लिहून दिला होता, आणि तो माझ्याच भाचीच्या कपाळी मारला होता. अक्का रडत होती. तिला समजावण्याचा हक्कही मला उरला नव्हता. मी फक्त म्हटलं, "मी जाते त्यांच्याकडे."

पण जाण्याआधी मी भाचीला विचारलं. तिच्या अंगाची गोष्ट, ती चारचौघांत बोलायची की नाही हे तिनेच ठरवायला हवं होतं. ती कपड्यांच्या घड्या घालत होती. घड्या घालतच म्हणाली, "जा. खरं आहे ते सांग. पण माझ्यासाठी हात जोडू नकोस, मावशी. मी काही केलेलं नाही."

रविवारी सकाळी मी शेअर रिक्षा पकडली. शेवटचा टप्पा चालत गेले. मुलाची आई ओट्यावर पावट्याच्या शेंगा सोलत बसली होती, शेजारी तिची लेक. लेकीचं सासर गावातच, त्यामुळे ती माहेरी असायचीच. मुलगा ड्युटीवर गेलेला, त्याचे वडील शेताकडे. आतल्या खोलीत खाटेवर मुलाच्या आईची म्हातारी सासू पडलेली दिसत होती. मला पाणी दिलं, बसा म्हणाल्या. चहाचं विचारलं नाही.

मी कार्ड काढून सुपाच्या कडेला ठेवलं. "हे मी भरलंय. ही सही माझी आहे."

मुलाची आई कार्डाकडे न बघता म्हणाली, "सिस्टर, आमी अडाणी न्हाय. मला पोरं झालीत, माझ्या लेकीला झालीत. हे कार्ड कवा देतात ते आमाला म्हायती हाय."

मी पॅलेटपासून चिठ्ठ्यांच्या पुस्तकापर्यंत सगळं सांगितलं. तळव्यावर खूण आहे, बघून घ्या म्हटलं. तिची लेक मध्येच म्हणाली, "पण ही सुई तर गरोदर बाईलाच देतात."

"तुझ्या भावाने दहावीत घेतली असेल ना शाळेत?"

"हां, घेतली व्हती. ताप आल्ता त्याला."

"मग तो काय गरोदर होता?"

लेक फस्सकन हसली आणि लगेच तोंडावर पदर धरला. तिची आई हसली नाही. पण शेंग सोलायची थांबून तिने पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं. म्हणाली, "मंग पोटुशी बाईला तरी कशाला देतात? तिला काय कुठं लागलेलं असतं?"

हा प्रश्न मला आवडतो. त्याचं उत्तर मला इतकं पाठ आहे की समोर कोण बसलंय याचा विचार न करता मी ते धडाधडा म्हणून टाकते. तसंच तेव्हाही म्हटलं. सांगितलं की ती सुई आईसाठी असते आणि बाळासाठीही असते. आईच्या रक्तात तयार झालेला तोडगा नाळेतून बाळाला मिळतो. बाळ जन्मलं की त्याची नाळ कापतात, ती उघडी जखमच. पूर्वी घरी विळ्याने कापायचे, वर राख लावायचे, शेण लावायचे. आईने सुई घेतलेली नसली तर बाळाकडे स्वतःचं असं काहीच नसतं. पहिले काही दिवस ते चांगलं पितं. मग त्याला स्तन धरता येत नाही, तोंड उघडत नाही. मुठी आवळतात. कुणी हात लावला, भांडं वाजलं, तरी अंग ताठ होतं.

सुपातला तिचा हात थांबला होता.

"किती दिसांनी?" तिने विचारलं.

"सातव्या-आठव्या दिवशी, बहुतेक."

तिने सूप बाजूला सारलं. लेकीने विचारलं, "आई, काय झालं?"

तिने आतल्या दाराकडे एकदा पाहिलं आणि आवाज खाली आणला. "तुझ्या आदी एक व्हता. पोरगा. गोरापान. सहाव्या दिसापर्यंत असा प्यायचा की मला झोप लागू देत नव्हता. सातव्या दिशी त्याचं तोंड मिटलं. मी बोटानं उघडायला बघायची, उघडायचंच न्हाय. तुझ्या आजीनं, आत्याबाईंनी, नाळेला शेणाची राख लावली व्हती, तवा समदेच लावायचे. आठव्या दिशी गेला." मग म्हणाली, "आत्याबाई म्हनाल्या, हिच्या दुधातच जहर हाय. समद्या गावाला सांगितलं. तुझ्या वक्ताला पयले तीन दिस तुला माझ्याजवळ दिली न्हाय. बकरीचं दूध पाजलं. माझं दूध मी भिंतीला पिळून टाकायची."

लेकीला यातलं काहीच माहीत नव्हतं. तिने आईच्या गुडघ्यावर हात ठेवला. मी त्या घरात एक गोष्ट सोडवायला गेले होते आणि ही दुसरीच उघडी पडली होती. माझ्या पाठ केलेल्या भाषणाची मला लाज वाटली. पण लाज वाटून गप्प बसायची ती वेळ नव्हती.

मी म्हटलं, "ताई, तुमच्या दुधात काही नव्हतं. विष मातीत होतं, राखेत होतं, ते नाळेतून आत गेलं. तुमच्यापर्यंत ही सुई पोचली नव्हती. त्या दिवसांत आतल्या गावांत ती कितीतरी जणींना मिळाली नाही. तुमची काही चूक नव्हती."

"नक्की?"

"नक्की."

आमच्या धंद्यात नक्की हा शब्द जपून वापरावा लागतो. तापाचं कुणी विचारलं तर मी उद्या बघू म्हणते. पण तेव्हा मी तो शब्द पुन्हा एकदा म्हटला, कारण पस्तीस-छत्तीस वर्षं ती तो ऐकायला थांबली होती आणि तो खरा होता.

मग ती उठली. चूल पेटवून तिने चहा ठेवला. चहा देताना म्हणाली, "पोरीला सांगा, आमची चूक झाली. साखरपुडा करू." मी चहा प्यायले, दुसरा कपही मागून घेतला आणि गड जिंकल्यासारखी परत निघाले.

शेलारला पोचले ती तशीच, छाती फुगवून. अक्काने ऐकलं आणि हात जोडले, कुणाला जोडले ते तिचं तिलाच माहीत. भाची मात्र ऐकून घेऊन म्हणाली, "मावशी, चूक झाली हे त्यांनी तुला सांगितलं. गावात कुणाला सांगितलं?"

"अगं, सांगतील हळूहळू."

"बोलताना हळूहळू बोलले नाहीत. मी त्या घरी जाऊन राहायचं आहे. नळावर गेले की बाया माझ्याकडे बघणार, मला मूल झालं की महिने मोजणार. तुझी मावशी नर्स आहे म्हणून तू सुटलीस, असं म्हणणार. जे बोलले त्यांनी सगळ्यांसमोर सांगायला पाहिजे की ते खोटं होतं. नाहीतर मला हे लग्न नको."

मी म्हटलं, "तुटेपर्यंत ताणू नये, बाळा."

"तुटलं तर तुटू दे," ती म्हणाली, आणि तिचे डोळे भरून आले. तिला तो मुलगा हवा होता, म्हणूनच ते भरले. त्याचा फोन त्याच संध्याकाळी आला. तिने उचलला नाही. मला म्हणाली, "पंधरा दिवस त्याने उचलला नाही. आता पंधरा दिवस मी उचलणार नाही." आणि खरंच उचलला नाही. मला तिचा राग येत होता आणि अभिमानही वाटत होता.

तिची अट मी मुलाच्या आईला फोनवर सांगितली. सांगताना माझ्या लक्षात आलं की मी केवढं मागते आहे. पोरीवरचा आळ गावासमोर खोटा म्हणायचा तर ही सुई कशाची ते सांगावं लागणार, आणि ते तिला कसं पटलं तेही, म्हणजे गेलेल्या बाळाची गोष्ट. ते बोलायचं ते घरात खाटेवर असलेल्या सासूच्या देखत. मग ती एवढंच म्हणाली, "साखरपुड्याला या समदी." हो म्हणाली नाही, नाही म्हणाली नाही.

साखरपुडा त्यांच्या गावच्या बुद्धविहारात होता. आम्ही गेलो, पण भाचीने सकाळीच अक्काला सांगून ठेवलं होतं की अंगठी घालायच्या आधी कुणी बोललं नाही तर ती उठून येणार. पुरुष एका बाजूला बसले, बाया एका बाजूला. म्हातारी सासू पुढे, प्लॅस्टिकच्या खुर्चीवर आणून बसवलेली. बाया भाचीकडे बघत होत्या आणि एकमेकींच्या कानाला लागत होत्या. वंदना झाली. कुणीतरी अंगठ्यांची थाळी पुढे आणली. भाचीने मांडीवरचा पदर सावरला. ती आता उठणार हे मला कळलं. मी तिचा हात धरायला माझा हात पुढे केला.

तेवढ्यात मुलाची आई उभी राहिली. माइक द्यायला कुणी आलं, तो तिने घेतला नाही.

"ह्या पोरीबद्दल माझ्या घरातून वंगाळ बोललं गेलं," ती म्हणाली. "ते खोटं हाय. तिच्या हातात लाकूड घुसलं म्हनून तिनं सुई घेतली. ती सुई पुरुषांनीबी घ्यायची असते. आमाला म्हायती न्हवतं. चूक माझी हाय."

एवढ्याने भागलं असतं. भाचीचे खांदे सैल झाले, अक्काने सुस्कारा सोडला, थाळीवाला पुढे सरकला. पण मुलाची आई खाली बसली नाही. ती खुर्चीकडे वळली. म्हातारीला ऐकू कमी येतं, म्हणून पुढचं ती इतक्या मोठ्याने म्हणाली की विहाराबाहेर उभे असलेलेही आत बघू लागले.

"आत्याबाई, माझा पयला पोरगा त्याच रोगानं गेला. सुई मिळाली न्हवती म्हनून गेला. माझ्या दुधात जहर न्हवतं."

म्हातारी तिच्याकडे बघत राहिली. मुलाच्या आईला आपले हात कुठे ठेवावेत हे समजत नव्हतं. तेव्हा माझी भाची उठली, आमच्या बाजूने चालत त्यांच्या बाजूला गेली आणि ते दोन्ही हात तिने आपल्या हातांत धरले.